न्हावा शेवा ते व्हॅलेन्सिया, लांबच्या वाटेने: फ्रोझन कटलफिशच्या तीन कंटेनरचं प्रकरण

पार्श्वभूमी

कंपनी स्पेनमधल्या व्हॅलेन्सियाची, घरचीच म्हणायची, बाप मालक, मुलगी सेल्स बघते, बाकी गोदाम आणि ऑफिस मिळून थोडकी माणसं. धंदा फ्रोझन मासळी आयात करून हॉटेलांना आणि दुकानांना विकायचा. ओळख पटेल असे सगळे तपशील काढून टाकलेत. मी या व्यवहारात मधला माणूस, कोकणातल्या एक्स्पोर्टरशी मराठीत आणि इकडे मालकाशी स्पॅनिशमध्ये बोलणारा, त्यामुळे दोन्हीकडची कुरकुर माझ्याच कानावर यायची.

स्पेनचं मार्केट आधी समजून घ्या नाहीतर पुढचं काही कळणार नाही. हा युरोपातला मासेखाऊ देश, वर्षाला माणशी ४० किलोच्या वर मासळी जाते, युरोपियन युनियनमध्ये यांच्या पुढे मुख्यतः पोर्तुगाल. पण घरात ताजी मासळी आणून साफ करून शिजवणं गेल्या दहा-पंधरा वर्षांत सारखं कमी होत चाललंय. तरुण मंडळींना वास नको, काटा नको, वेळ नाही, आणि भाव तर विचारूच नका. २०२३ च्या जानेवारीत सरकारने महागाई म्हणून ब्रेड, दूध, फळं, भाज्यांवरचा व्हॅट शून्य केला, तेल आणि पास्त्यावरचा ५ टक्क्यांवर आणला, पण मासळी आणि मटण १० टक्क्यांवरच ठेवलं. मासळीवाले तेव्हा लई चिडले होते. या सगळ्यात फ्रोझन जरा तरून राहतं, कारण साफ केलेलं, मोजून मापून, हवं तेवढं काढा बाकी परत फ्रीजरमध्ये. गंमत म्हणजे सुपरमार्केटच्या ताज्या मासळीच्या काउंटरवर बर्फावर मांडलेली पांढरीशुभ्र कटलफिश बऱ्याचदा डिफ्रॉस्ट केलेली असते आणि लेबल वाचलं तर तसं लिहिलेलं असतं, शिवाय खाली पकडल्याची जागा एफएओ क्षेत्र ५१ (एफएओ म्हणजे संयुक्त राष्ट्रांची अन्न आणि शेती संघटना), म्हणजे पश्चिम हिंदी महासागर, त्यातच आपला अरबी समुद्र आला.

आता माल कोणता ते सांगतो. स्क्विड म्हणजे आपली नळीवाली माकूल, आणि कटलफिश म्हणजे आत पांढरं हाड असलेली. व्हॅलेन्सियात कटलफिश तव्यावर भाजून लसणाच्या मेयोनेजबरोबर खातात, शाईचा काळा भात करतात. माद्रिदला प्लाझा मायोरच्या आसपास तळलेल्या स्क्विडच्या रिंगा पावात घालून देतात, अगदी वडापावसारखं उभ्या उभ्या खायचं. हा सगळा माल स्पेनच्या समुद्रात पुरेसा मिळत नाही, तो येतो फॉकलंड बेटांकडून (स्पॅनिश भागीदारीतल्या बोटी तिथे मासेमारी करतात आणि माल वीगो बंदरात उतरतो), पेरूकडून (तिकडचं मोठं जाडं स्क्विड, सगळ्यात स्वस्त, बऱ्याच रिंगा त्याच्याच असतात), मोरोक्कोकडून, आणि भारताकडून: रत्नागिरी, मुंबई, वेरावळ, कोची. एक महाग झालं की गिऱ्हाईक दुसऱ्याकडे सरकतं. म्हणून पेरूत एल निनो आला की (समुद्र तापतो, स्क्विड कमी लागतं) व्हॅलेन्सियातल्या माणसाला रत्नागिरीचा भाव बघावा लागतो.

दरवर्षी ऑक्टोबरमध्ये वीगोला कॉन्क्सेमार नावाचं फ्रोझन मासळीचं मोठं प्रदर्शन भरतं, अर्ध्या जगाचे खरेदीदार-विक्रेते तिथे असतात. ऑक्टोबर २०२३ मध्ये तिथेच मालक आणि एक्स्पोर्टर यांचं ठरलं: तीन कंटेनर, न्हावा शेवाहून व्हॅलेन्सिया, भाव भाड्यासकट बंदर पोच. पावसाळी बंदी ३१ जुलैला उठते, त्यानंतर वर्षअखेरपर्यंत कटलफिश चांगली लागते, त्यामुळे माल ताजा गोठवलेला मिळणार होता. २० टक्के ॲडव्हान्स, बाकी पैसे कागदपत्रं बँकेत आल्यावर. पहिला कंटेनर डिसेंबरच्या मध्यावर निघणार, दुसरा जानेवारीच्या सुरुवातीला, तिसरा शेवटाला.

या तारखा उगाच नव्हत्या. २०२४ मध्ये ईस्टर ३१ मार्चला, म्हणजे ख्रिश्चनांचा उपवासकाळ १४ फेब्रुवारीपासून. वसईकर आणि गोवेकरांना हे वेगळं सांगायला नको, शुक्रवारी मटण बंद की मासळीला उठाव. त्यात व्हॅलेन्सियाचा फायास उत्सव १५ ते १९ मार्च, रस्त्यावर अख्खं शहर आणि हॉटेलं भरलेली. कंपनीची वर्षाची जी काय कमाई त्यातला मोठा वाटा या सहा-सात आठवड्यांत होतो.

अडचण

१९ नोव्हेंबर २०२३ ला लाल समुद्रात येमेनच्या हुथी बंडखोरांनी गॅलक्सी लीडर जहाज पळवलं तेव्हा व्हॅलेन्सियाच्या ऑफिसात कुणी फार मनावर घेतलं नाही. डिसेंबरच्या मध्यावर मोठमोठ्या शिपिंग कंपन्यांनी एकामागून एक लाल समुद्राची वाट बंद केली आणि जहाजं आफ्रिकेला वळसा घालून केप ऑफ गुड होपवरून जायला लागली. नेमका त्याच आठवड्यात आमचा पहिला कंटेनर जहाजावर चढला होता. सुएझवरून साडेतीन आठवडे धरलेले, आता त्यात किमान दहा-पंधरा दिवस वाढणार, आणि हे झालं जहाज वेळेवर सुटलं तर.

दुसऱ्या कंटेनरचं बुकिंग दोनदा पुढे ढकललं गेलं. रीफर (फ्रीजरवाले) कंटेनरच मिळेनात, कारण जे युरोपला गेलेत ते वेळेवर परत येत नव्हते. भाडं तर आठवड्याला बदलायचं, वर इमर्जन्सी सरचार्ज वेगळा. एक्स्पोर्टर फोनवर म्हणाला, "अहो, माल तयार आहे, पेट्या भरून कोल्ड स्टोरेजमध्ये पडल्यात, पण बोटच नाही तर मी काय करू? आणि या भाड्यात तुमच्या ऑक्टोबरच्या भावाने पाठवलं तर माझं दुकान बंद व्हायचं." मी म्हटलं, "शेठ, मालक म्हणतायत भाव पोच ठरलाय, भाडं तुमच्याकडे." त्यावर ते बराच वेळ काही बोललेच नाहीत.

इकडे व्हॅलेन्सियात कंपनीने एका प्रादेशिक सुपरमार्केटला ईस्टरच्या आधीच्या ऑफरसाठी कटलफिशच्या पिशव्या कबूल केलेल्या, माल कमी पडला तर करारात दंड. हॉटेलवाल्यांशी लेखी काही नाही, पण वर्षानुवर्षांची गिऱ्हाइकं. त्यातच पेरूचं स्क्विड गायब व्हायला लागलं, किनाऱ्यावर पकडच होत नव्हती, भाव भडकले, आणि रिंगा करणारे कारखाने दुसरीकडे हात मारायला लागले. म्हणजे आपला माल समुद्रावर अडकलेला आणि बाजारात बदली माल महाग.

काय काय पर्याय होते

पहिला, भाड्याचं काय. करार बघितला तर एक्स्पोर्टरची जबाबदारी, मालक म्हणाले कागद कागद असतो. पण मुलीचं म्हणणं असं की त्याला पिळला तर तो उरलेले दोन कंटेनर पाठवेल खरा पण कधी आणि कसले, मोजणीत लहान माल घुसवला तर इथे उघडल्यावरच कळणार. कटलफिश किलोला किती नग बसतात यावर विकली जाते, १/२, २/४, ५/७ असे ग्रेड, आणि २/४ च्या पेटीत ५/७ ची भर म्हणजे तव्यावरच्या डिशचा सगळा हिशोब बिघडला. मला तिचं पटलं होतं, पण मी मधला माणूस, मी दोन्हीकडे मान हलवली.

दुसरा, व्हॅलेन्सियातच दुसऱ्या आयातदाराकडून माल उचलायचा. जानेवारीत मिळत होता, पण ज्याच्याकडे आहे त्याला किंमत माहीत होती. तिसरा, मोरोक्कोची कटलफिश, ट्रकने काही दिवसांत दारात, पण साइज वेगळा आणि भाव भारतीय मालापेक्षा बराच वर. चौथा, तिसरा कंटेनर रद्दच करायचा, कारण तो ईस्टरला येणार नाही हे जानेवारीतच दिसत होतं.

आणि पाचवा पर्याय सुपरमार्केटच्या खरेदी माणसाने स्वतःहून सुचवला: ग्लेझ वाढवा. ग्लेझ म्हणजे गोठवलेल्या तुकड्यावर बर्फाचं पातळ आवरण, माल सुकू नये म्हणून ते लागतंच. पण ते १० टक्के असतं तसं २५ पण करता येतं. युरोपचा नियम सरळ आहे, पिशवीवर लिहायचं निव्वळ वजन हे बर्फ वगळून. म्हणजे पिशवी हातात तेवढीच भरीव लागते, भाव तोच, फक्त बारीक अक्षरात निव्वळ वजन कमी. कायद्यात बसतं. गिऱ्हाईक घरी जाऊन कढईत टाकतं तेव्हा पाणी सुटतं आणि तुकडा अर्धा होतो.

ग्लेझचा हिशोब आयात करणारेही चुकतात म्हणून एक उदाहरण देतो. समजा एक जण २० टक्के ग्लेझवर किलोला ५ युरो सांगतो आणि दुसरा १० टक्के ग्लेझवर ५.५०. पहिला स्वस्त वाटतो. पण पहिल्याचा खरा माल किलोला ६.२५ पडतो (५ भागिले ०.८०) आणि दुसऱ्याचा ६.११. वर पहिल्यात तुम्ही बर्फाचं समुद्रभाडं पण भरता: २५ टनाच्या कंटेनरमधलं ५ टन पाणी, उणे १८ डिग्रीला, आफ्रिकेला वळसा घालून. भाडं दुप्पट-तिप्पट झालेल्या वर्षी हा फरक आणखी टोचतो.

काय केलं

जानेवारीच्या दुसऱ्या आठवड्यात मालकाने ठरवलं की वाढीव भाड्याचा निम्मा भार कंपनी घेईल, पण फक्त दुसऱ्या कंटेनरचा, आणि बदल्यात एक्स्पोर्टरने लोडिंगच्या वेळी ग्रेडनुसार पेट्या उघडून व्हिडिओ पाठवायचा. तिसऱ्याचं भाडं एक्स्पोर्टरचं, पण तो निवांत पाठवायची मुभा, आणि त्यात निम्मी कटलफिश काढून स्क्विडच्या साफ केलेल्या नळ्या भरायच्या. हा शेवटचा बदल मुलीचा. पेरूचं बघून तिने डोकं चालवलं की उन्हाळ्यात रिंगांसाठी नळ्या लागणार. शेठ तिकडून म्हणाले, "चालेल, नळ्या पडल्यात माझ्याकडे, मला पण जागा मोकळी होईल."

सुपरमार्केटला जानेवारीतच कळवलं की कबूल केलेला माल पूर्ण येणार नाही. या निर्णयावर घरात चांगलीच जुंपली होती. मालकाचं म्हणणं, थांबू, काय सांगता जहाज लवकर पण येईल. मुलगी म्हणाली की मार्चमध्ये सांगितलं तर दंड लागेल आणि पुढच्या वर्षी दारात पण उभं करणार नाहीत, आत्ता सांगितलं तर त्यांना ऑफर बदलायला वेळ मिळेल. तिचंच झालं. सुपरमार्केटने जरा आदळआपट केली, मग ऑफरमध्ये नामिबियाची मर्लुझा घेतली (हेक मासा, स्पेनमध्ये घरोघरी चालतो) आणि कटलफिशचा कोटा निम्म्यावर आणला. दंड नाही लागला. ग्लेझ वाढवायला कंपनीने नकार दिला आणि त्याऐवजी लहान पिशवी केली, वजन पुढच्या बाजूला ठळक. किलोचा भाव वाढलाच होता, तो लपवला नाही इतकंच.

पहिला कंटेनर फेब्रुवारीच्या सुरुवातीला आला. इथे एक वेगळंच झालं, केपवरून येणारी जहाजं जिब्राल्टरकडून भूमध्य समुद्रात शिरतात, त्यामुळे अल्जेसिरास आणि व्हॅलेन्सिया ही बंदरं आधी लागायला लागली आणि इटलीवाले मागे राहिले. सुएझवरून उलटं असतं. म्हणून उशीर भीती होती तेवढा झाला नाही. सीमेवरच्या तपासणीत कॅडमियम या विषारी धातूसाठी नमुना घेतला गेला, या प्रकारच्या मालात मर्यादा किलोला १ मिलिग्रॅम, आणि भारतीय कटलफिशच्या खेपा यावर पूर्वी पकडल्या गेल्यात, कारण आतडी नीट काढली नाहीत तर आकडा वर जातो. एक्स्पोर्टरचा स्वतःचा लॅब रिपोर्ट होता, इथला निकालही ठीक आला. त्या कंटेनरचा बहुतेक माल हॉटेलांना गेला, थोडा सुपरमार्केटला.

दुसरा कंटेनर मार्चच्या पहिल्या आठवड्यात बंदरावर लागला आणि तिथेच बसला. कारण ऐकलं तर हसू येईल. जहाज दोनदा बदललं त्या गडबडीत माल शेवटच्या क्षणी दुसऱ्या रीफरमध्ये भरला होता, कॅच सर्टिफिकेटवर (मासळी कायदेशीर पकडल्याचा दाखला) सगळं बरोबर, पण हेल्थ सर्टिफिकेटवर (माल खाण्यालायक असल्याचा सरकारी दाखला) सीलचा जुना नंबर. तपासनीसाने दारावरचं सील बघितलं, कागद बघितला, आणि फाइल बाजूला ठेवली. माल उत्तम, कागद खोटा नाही, पण जुळत नाही म्हणजे नाही. बदली सर्टिफिकेट भारतातल्या एक्स्पोर्ट इन्स्पेक्शन एजन्सीकडूनच यायला हवं, त्यांना बंदराकडून लेखी हवं की माल कुठे आहे, मध्ये शनिवार-रविवार, इकडे फायासची सुट्टी. तोवर कंटेनरला वीज लावून ठेवायचं भाडं आणि डिमरेज (कंटेनर बंदरावर जास्त दिवस अडकल्याचा आकार) रोज चढतंय. शेठ रोज सकाळी फोन करायचे, "काय झालं हो?" आणि मी रोज तेच सांगायचो. माल सुटला तो ईस्टरच्या आठवड्यात. हॉटेलवाले त्याच्या आधीच साठा करून मोकळे झालेले.

निकाल

पहिल्या कंटेनरवर चांगला नफा. दुसऱ्यावर निम्म्या भाड्याची मदत आणि बंदराचा खर्च धरला तर जेमतेम मुद्दल सुटलं, तेही एप्रिल-मे मध्ये हळूहळू विकून. तिसरा एप्रिलच्या शेवटी आला, भाड्याच्या कोल्ड स्टोरेजमध्ये गेला, आणि तिथे दोन वेगळ्या गोष्टी झाल्या. स्क्विडच्या नळ्या जून-जुलैत भराभर गेल्या, पेरूचा माल अजून कमीच होता आणि नंतर फॉकलंडने २०२४ चा आपला दुसरा स्क्विड सीझन उघडलाच नाही, समुद्रात साठा कमी दिसला म्हणून. त्या बातमीनंतर उरलेल्या नळ्यांना लोक स्वतः फोन करून मागत होते. कटलफिश मात्र पडून राहिली, ऑक्टोबरपर्यंत थोडी थोडी निघाली, आणि स्टोरेजच्या बिलाने तिचा नफा खाल्ला.

मालक आता सगळ्यांना सांगतात की तिसऱ्या कंटेनरची आयडिया जबरदस्त होती. अर्धी होती. पेरूचा अंदाज बरोबर होता, फॉकलंडचं जानेवारीत कुणालाही माहीत नव्हतं, ते नशीब. मला विचाराल तर या सगळ्यातला खरा चांगला निर्णय म्हणजे सुपरमार्केटला दोन महिने आधी खरं सांगणं आणि ग्लेझला नाही म्हणणं, ज्यात लगेच पैसा दिसला नाही. पुढच्या हंगामात त्याच सुपरमार्केटने कोटा परत पूर्वीइतका केला.

वेगळं काय करता आलं असतं

सगळ्यात आधी, ऑक्टोबरचा करार माल निघण्याच्या तारखेवर होता, पोचण्याच्या नाही. फ्रोझन आहे म्हणून लोकांना वाटतं वेळेचं काय एवढं, दोन वर्षं टिकतं. माल टिकतो, सीझन टिकत नाही. उपवासकाळासाठीचा निम्मा तरी माल नोव्हेंबरमध्येच यायला हवा होता, स्टोरेजचं भाडं गेलं असतं पण ते आधी माहीत असलेलं भाडं. स्पेनमध्ये २०२२ ला विजेचे दर भडकल्यापासून कुणालाच माल साठवून ठेवायचा नसतो, हे मान्य, पण वर्षातून एकदा तरी त्याला पर्याय नाही.

दुसरं, सीलचं प्रकरण. रीफर बदलला त्या रात्री फॅक्टरीतल्या माणसाने फोटो काढलेला होता, तो व्हॉट्सॲपवर आम्हाला आलाही होता, पेट्यांच्या व्हिडिओबरोबर. पेट्या सगळ्यांनी बघितल्या, दाराच्या सीलचा फोटो हेल्थ सर्टिफिकेटच्या ड्राफ्टशी कुणी लावून बघितला नाही. आता जहाज सुटायच्या आत ड्राफ्ट व्हॅलेन्सियाला येतो आणि इथली अकाउंट्सची बाई नंबर वाचून दाखवते, मग तिकडे फायनल होतो. २०२६ च्या जानेवारीपासून युरोपने कॅच सर्टिफिकेट कॅच नावाच्या ऑनलाइन सिस्टिममधूनच बंधनकारक केलंय, त्यामुळे असा न जुळणारा आकडा तिथेही खपणार नाही.

तिसरं म्हणजे भाड्याची वाटणी. संकट आल्यावर बोलणी झाली म्हणून जानेवारीचा अर्धा महिना त्यातच गेला आणि त्या दिवसांत एक बुकिंग हुकलं. पुढच्या करारात लिहिलंय की भाडं ठरलेल्या आकड्याच्या वर गेलं तर वरचा भाग निम्मा निम्मा, खाली आलं तर त्याचाही. शेठनी त्यावर सही करताना विचारलं, "आणि डॉलरचं काय?" कारण कंपनी डॉलरमध्ये घेते आणि युरोत विकते, २०२२ च्या उन्हाळ्यात युरो डॉलरच्या खाली गेला तेव्हा मालकाला किती लागलं होतं ते त्यांना चांगलं ठाऊक. मालक म्हणाले ते नंतर बघू. अजून बघितलेलं नाही.